पेट्रोल मोजून देता, तशी हवाही मोजून द्या

प्रति,
ग्वाल्हेर शहरातले आणि मुरैना, झाशी, शिवपुरी व भिंड रस्त्यांवरचे सर्व पेट्रोल पंपचालक, पंपांचे व्यवस्थापक आणि तेल कंपन्यांचे इथले विक्री अधिकारी यांस,

सप्रेम नमस्कार.

मी ग्वाल्हेरच्या लष्कर भागात जनकगंजला राहते. ३१ वर्षं शाळेत भौतिकशास्त्र शिकवलं, चार वर्षांपूर्वी निवृत्त झाले. हेच पत्र हिंदीत लिहून मी पंपांवर स्वतः नेऊन देणार आहे. इथे मराठीत लिहिते ते अशासाठी, की लष्करमधल्या आमच्या माणसांनीही ते वाचावं आणि पंपावर उभं राहिल्यावर माझ्यासारखंच विचारावं.

आमच्या गल्लीतल्या मराठी घरांत बहुतेकांचं एक तरी मूल नोएडा, गुरुग्राम किंवा पुण्याला आहे. पुण्याला आम्ही रेल्वेने जातो, पण नोएडाला गाडीने. पहाटे निघायचं, मुरैना, चंबळ, धौलपूर, आग्रा, आणि तिथून यमुना एक्स्प्रेसवे. गाडी मीच चालवते, ह्यांच्या डोळ्यांचं ऑपरेशन झाल्यापासून तर नेहमीच.

गेल्या फेब्रुवारीत मुलीच्या नव्या फ्लॅटची वास्तुशांत होती. गाडीत आम्ही दोघं, दीर, जाऊबाई आणि मधे ८१ वर्षांच्या सासूबाई. डिकीत समया, ताम्हणं, पुरणाची डाळ, तुपाचा डबा, गाद्या. पहाटे सहाच्या सुमारास गोला का मंदिर ओलांडून मुरैना रस्त्यावरच्या एका पंपावर हवा भरायला थांबले. पंपाचं नाव मी लिहिणार नाही, कारण नंतर कळलं की प्रश्न त्या एका पंपाचा नाही.

मफलर गुंडाळलेला एक पोरगा आला. "कितना?" त्याने विचारलं. मी ड्रायव्हरच्या दाराजवळच्या पट्टीवर छापलेला भरल्या गाडीचा आकडा सांगितला : पुढे ३३, मागे ३६. त्याने मान हलवली आणि यंत्र ३५ वर होतं ते तसंच ठेवून चारही चाकांना नळी लावली. यंत्र चारही वेळा 'पीं' वाजलं. शेवटच्या, डाव्या मागच्या चाकाला नळी लावताना हवा सुटल्याचा आवाज जरा जास्तच वेळ आला. थंडी होती, सासूबाईंच्या अंगावर शाल नीट करत मी गाडीतच बसून राहिले. दहा रुपये दिले आणि निघालो.

चंबळचा पूल ओलांडला, धौलपूर अजून यायचं होतं. गाडी मागून झुलायला लागली. वळणावर पुढचा भाग माझं ऐकत होता, मागचा ऐकत नव्हता. तेवढ्यात जाऊबाई म्हणाल्या, "वहिनी, काहीतरी जळतंय हो." मी वेग उतरवत कडेला घेतली. डाव्या मागच्या चाकाचा टायर रिमवरून घडी पडल्यासारखा खाली आला होता. त्याच्या बाजूच्या भिंतीला हात लावला, तो लगेच मागे घ्यावा लागला. स्टेपनी काढली तर तिच्यातही हवा बेताचीच, कारण वर्षभरात तिच्याकडे मी पाहिलंच नव्हतं. एका ट्रकच्या क्लीनरने जॅक लावायला मदत केली, आणि तिशी-चाळिशीच्या वेगाने आम्ही धौलपूरला पोचलो.

तिथल्या पंक्चरच्या दुकानात एक म्हातारे गृहस्थ होते. त्यांनी खिशातून पेनासारखा गेज काढून उरलेल्या तीन चाकांची हवा पाहिली : २६, २५, २६. म्हणाले, "गरम टायर में इतनी है मैडम, ठंडे में तो बीस-बाईस ही रही होगी." मग खराब झालेला टायर रिमवरून उतरवला आणि वर्तमानपत्रावर उलटा करून आपटला. आतून मूठभर काळा चुरा पडला. टायर फुटला नव्हता. आतून दळला गेला होता. ते म्हणाले, "एक्सप्रेसवे पे चढ़ जातीं ऐसे..." आणि पुढे बोलले नाहीत. बाहेर दुकानाच्या बाकावर सासूबाई पाणी पीत बसल्या होत्या.

मी त्यांच्यासमोरच त्यांच्याकडून तसाच एक गेज विकत घेतला.

आता मला जे तुम्हाला सांगायचं आहे ते नीट सांगते. तीन दशकं वर्गात सांगत आले, तेच.

गाडीचं वजन टायरचं रबर पेलत नाही, त्यातली हवा पेलते. माणसं आणि सामान धरून आमची गाडी साधारण १४०० किलोची होती, म्हणजे एका चाकावर ३५०. ३३ पौंड हवा म्हणजे दर चौरस इंचाला ३३ पौंडांचा दाब, म्हणजेच दर चौरस सेंटीमीटरला सुमारे २.३ किलो. (आमच्या वडिलांच्या पिढीतले लोक पौंड म्हणायचे, तुमची मुलं पॉइंट म्हणतात, पट्टीवर पीएसआय लिहिलेलं असतं. आकडा एकच.) भागाकार केला की येतात १५० चौरस सेंटीमीटर. बोटांसकट माणसाचा तळहात साधारण एवढाच असतो. पाच माणसांची गाडी शंभराच्या वेगाने धावते तेव्हा तिचं रस्त्याशी नातं चार तळहातांपुरतं असतं. ब्रेक, वळण, पावसातली पकड, सगळं त्या चार तळहातांवर.

हवा २२ वर आली की तेच वजन पेलायला सव्वादोनशे चौरस सेंटीमीटर जागा लागते. कुणाला वाटेल, जागा वाढली तर पकड चांगली. तसं होत नाही. जागा मिळवायला टायर खाली बसतो आणि त्याच्या बाजूच्या भिंती बाहेर फुगतात. चाक फिरतं तसा भिंतीचा प्रत्येक भाग खाली येताना वाकतो, वर जाताना सरळ होतो. १४ इंची चाकाचा घेर साधारण १.९ मीटर. ताशी १०० किलोमीटरच्या वेगाला हे वाकणं-सरळ होणं सेकंदाला १४-१५ वेळा होतं, तासाभरात ५० हजारांहून जास्त. वर्गात मी मुलांच्या हाती लोखंडी तारेचा तुकडा द्यायचे आणि सांगायचे, वाकवा आणि सरळ करा, पुन्हा वाकवा. पंधरा-वीस वेळा झालं की एखादं मूल ओरडायचंच, "मॅडम, गरम झाली!" आणि थोड्या वेळाने तार तुटायची. टायरमध्ये रबर आणि दोऱ्यांचे थर एकमेकांना चिकटवलेले असतात. तिथेही तेच होतं. उष्णता वाढते, थर सुटतात, आणि एका क्षणी सगळं एकदम जातं. आपण म्हणतो, टायर अचानक फुटला. तो तासभर आधीपासून फुटत असतो.

आणि इथे मला तुमच्या पंपांवर सर्वांत जास्त ऐकू येणारं वाक्य लिहावं लागतं : "गर्मी है मैडम, हवा कम रखवाओ, नहीं तो फट जाएगा." हे वाक्य चांगल्या मनाने म्हटलं जातं, म्हणून ते जास्त धोक्याचं आहे. मे महिन्यातली दुपार आहे, आग्र्याहून आलेली गाडी पंपावर उभी राहते, टायर तापलेले असतात, गेज ४० दाखवतो. पोरगा घाबरतो आणि पिन दाबून हवा ३३ वर आणतो. गाडीवाला खूश होऊन निघून जातो. ती गाडी रात्रभर उभी राहते, पहाटे टायर निवतात. दुपारी ६५ अंशांना असलेली हवा पहाटे ३० अंशांवर आली, तर ३३ चा आकडा २८ च्या जवळ उतरतो. हवा कुठेही गळलेली नाही. हा फक्त तापमानाचा हिशोब आहे. त्या २८ वर तो माणूस दुसऱ्या दिवशी पुन्हा उन्हात निघतो, टायर जास्त वाकतो, आणखी तापतो. ज्या भीतीने हवा काढली, तेच आपण स्वतःच्या हाताने जवळ आणलं.

दाराच्या पट्टीवरचा आकडा थंड टायरचा असतो. थंड म्हणजे गाडी किमान तीन तास उभी आहे, किंवा फार तर दीड-दोन किलोमीटर चालून आली आहे. धावल्यावर चार-सहा पौंड चढणारच, हे गाडी बनवणाऱ्याने धरलेलं असतं. गरम टायरमधून हवा कधीही सोडायची नाही, ही एवढी एकच गोष्ट तुमच्या प्रत्येक मुलाला शिकवलीत, तरी या पत्राचं अर्धं काम झालं असं मी धरीन.

ग्वाल्हेरला हे जरा जास्तच लागू आहे. आपलं गाव टोकाचं आहे. मे-जूनमध्ये पारा ४५ च्या वर, आणि जानेवारीच्या पहाटे पाच-सहाच्या खाली. उन्हाळ्यात सावलीत ४२ अंशांना उभ्या गाडीत ३३ भरले आणि नंतर विसरलात, तर जानेवारीत ६ अंशांना ते साडेसत्तावीसच्या आसपास आलेले असतात. त्यात टायर महिन्याकाठी सुमारे एक पौंड हवा आपसूक सोडतो, तो हिशोब वेगळा. उलट बाजूही बघा. मेळ्यात गाडी घ्यायची आपली इथली रीत आहे. १९०५ पासून भरणारा आपला व्यापार मेळा, आणि सरकार जाहीर करतं तेव्हा त्यात वाहन करावर मिळणारी ५० टक्के सूट. त्यासाठी लोक वर्षभर थांबतात. जानेवारीच्या थंडीत ३३ भरून घरी आलेली नवी गाडी, गळती धरली नाही तर, मे महिन्यात उभ्या-उभ्याच ३९ वर असते. मग ती खड्ड्यांवरून दणके खाते, टायर मधोमध झिजतो आणि मालक म्हणतो, कंपनीने टायर बरे दिले नाहीत. म्हणून माझं म्हणणं आहे की या गावात महिन्यातून एकदा तरी, आणि दिवाळीनंतर व होळीनंतर न चुकता, गेज लावलाच पाहिजे.

धौलपूरनंतर मी माझा गेज घेऊन शहरातल्या पंपांवर जायला लागले. भांडायला नाही. पेट्रोल भरायचं, हवा भरायची, आणि कडेला घेऊन माझ्या गेजने पुन्हा पाहायचं. जे पाहिलं ते असं. एका ठिकाणी यंत्र चांगलं, पण नोजलचं रबर झिजलेलं, त्यामुळे भरताना जेवढी जाते तेवढीच बाहेर. एका ठिकाणी काट्याचा गेज, त्याची काच फुटलेली, काटा शून्यावर येतच नाही, आठावर अडकतो. म्हणजे तो ३३ दाखवतो तेव्हा आत २५. काही ठिकाणी "हवा बंद है", आज, उद्या, पुढच्या आठवड्यातही. एका मोठ्या पंपावर यंत्र इतकं वाटेत बसवलं आहे की मागून हॉर्न वाजत असताना चौथं चाक राहूनच जातं. आणि जवळजवळ सगळीकडे 'सबमें पैंतीस'. छोटी अल्टो असो, सात माणसांची मोठी गाडी असो, मागे चार पोती असोत, सगळ्यांना पस्तीस.

एका मुलाने मला टायरवरचा आकडा दाखवला आणि म्हणाला, "आंटी, देखो, इसपे तो ५१ लिखा है, कंपनी ने कम बताया." त्याने वाचलं, याचं मला कौतुक वाटलं. पण टायरवर असतो तो कमाल आकडा, त्याहून वर कधीही जायचं नाही एवढंच सांगणारा. तो टायर कुठल्या गाडीला लागणार, हे टायर बनवणाऱ्याला ठाऊक नसतं. किती भरायची हे गाडी सांगते, दाराच्या खांबावर, नाहीतर पेट्रोलच्या टाकीच्या झाकणाच्या आत, नाहीतर पुस्तिकेत. मी त्याला दार उघडून ती पट्टी दाखवली. त्याने आधी ती कधी पाहिलीच नव्हती, आणि यात चूक त्याची नव्हती. त्याला नळी देणाऱ्यांपैकी कुणीच ती त्याला दाखवली नव्हती.

नायट्रोजनबद्दलही दोन वाक्यं. साध्या हवेत ७८ टक्के नायट्रोजनच असतो. शुद्ध नायट्रोजन कोरडा असतो आणि जरा हळू गळतो, एवढा त्याचा गुण. तो भरला की टायर तापल्यावर दाब वाढत नाही, असं तुमच्याकडे सांगितलं जातं, ते खरं नाही. उष्णतेने दोन्ही सारखेच फुगतात. ज्याला पैसे देऊन भरायचा त्याने भरावा, पण "नायट्रोजन है, अब छह महीने मत देखना" हे कुणालाही सांगू नका.

आता झाशी रस्त्यावरच्या एका पंपाबद्दल लिहिते, कारण तक्रारी सांगताना तोही सांगितला नाही तर अन्याय होईल. तिथे पन्नाशीचे एक काका हवेवर असतात. गाडी आली की आधी म्हणतात, "गेट खोलिए." पट्टी पाहतात. विचारतात, किती माणसं, कुठे निघालात, गाडी किती चालून आली. व्हॉल्व्हच्या टोप्या खाली ठेवत नाहीत, डाव्या मुठीत धरतात, म्हणजे हरवत नाहीत आणि धुळीत पडत नाहीत. भरून झालं की पुन्हा स्वतःच्या गेजने बघतात. मग बोट ओलं करून व्हॉल्व्हच्या तोंडावर लावतात, बुडबुडा येतो का ते पाहायला. आणि शेवटी, "स्टेपनी?" मी त्यांच्या गेजशी माझा ताडून पाहिला, अर्ध्या पौंडाचाही फरक नव्हता. त्यांना विचारलं, हा गेज पंपाचा का. म्हणाले, "नहीं, मेरा है." पगार? तोही पंपाकडून नाही. लोक पाच-दहा देतात, तीच कमाई.

पंपचालकहो, मला हे तुमच्यासमोर ठेवायचं आहे. तुमच्या पंपावर जो माणूस पाच जणांच्या कुटुंबाला हमरस्त्यावर सोडण्याआधी शेवटचा त्यांच्या गाडीला हात लावतो, तो बऱ्याच ठिकाणी तुमच्या हजेरीपटावर नसतो. त्याला कुणी शिकवलेलं नसतं. थंडीत तो बाहेर, उन्हात तो बाहेर, आणि त्याच्या हातातलं यंत्र बरोबर आहे की नाही हे त्यालाही ठाऊक नसतं. पेट्रोलच्या बाबतीत असं चालतं का? पेट्रोलच्या यंत्रावर नापतौल विभागाचा शिक्का असतो. गिऱ्हाइकाला संशय आला तर पाच लिटरचं प्रमाणित माप काढून त्याच्यासमोर भरून दाखवावं लागतं. भेसळीचा संशय आला तर फिल्टर पेपर मागता येतो. एका लिटरमागे चार थेंब कमी आले तरी आपण सगळे जागे होतो. हवेत दहा पौंड कमी आले तर दाद कुठे मागायची? पेट्रोल कमी आलं तर माणसाचे दहा रुपये जातात. हवा कमी आली तर काय जाऊ शकतं, ते मी धौलपूरच्या त्या वर्तमानपत्रावर पाहिलं आहे.

मोफत हवा ही पंपावरच्या सक्तीच्या सुविधांपैकी एक आहे, पिण्याचं पाणी, स्वच्छतागृह, प्रथमोपचार पेटी आणि तक्रार वही यांच्यासारखी. तेल कंपन्यांचे अधिकारी तपासणीला येतात तेव्हा 'हवेचं यंत्र आहे का' हे पाहतातच. माझी त्यांना हात जोडून विनंती आहे की एक पाऊल पुढे जा. यंत्र आहे का, एवढं विचारून थांबू नका, ते खरं बोलतं का हे बघा. खिशात एक चांगला गेज ठेवा. एका चाकाला यंत्राने भरा, आपल्या गेजने पाहा. दोन मिनिटांचं काम आहे. फरक दिसला तर तो पेट्रोलच्या मापातल्या फरकाइतकाच गंभीरपणे नोंदवा.

पंपचालकांकडे माझं मागणं फार नाही. यंत्राशेजारी एक साधा, चांगला गेज साखळीने बांधून ठेवा, म्हणजे ज्याला शंका येईल तो स्वतः पाहील. यंत्र शेवटचं कधी ताडून पाहिलं ती तारीख त्यावर रंगाने लिहा. नोजलचं रबर झिजलं की बदला, त्याला काही शेकड्यांपलीकडे खर्च येत नाही. हवेचं यंत्र पेट्रोलच्या रांगेपासून दूर, सावलीत हलवा, जिथे चार चाकं आणि स्टेपनी शांतपणे होतील. हवा भरणाऱ्या माणसाला पगारावर घ्या. आणि सकाळी सहा ते नऊ यंत्र चालू असेलच याची खात्री द्या. टायर थंड असण्याची, म्हणजे मोजमाप खरं येण्याची वेळ तीच आहे. पण माझा अनुभव असा की त्याच वेळी कॉम्प्रेसर बंद असतो, कारण लाइट नसते, किंवा पोरगा अजून आलेला नसतो.

शाळेच्या व्हॅनसाठी तर मी वेगळं सांगते. मी त्या गाड्या शाळेच्या फाटकात ३१ वर्षं पाहिल्या आहेत. आठ जणांच्या गाडीत बारा-तेरा मुलं, वर दप्तरांचा ढीग, आणि मागचे टायर इतके बसलेले की पायरी जमिनीला टेकल्यासारखी. तेव्हा मी वर्गात दाबाचे नियम शिकवत होते आणि फाटकात तेच नियम मोडताना पाहून घरी जात होते. एकदाही चालकाला थांबवून "हवा पाहिलीस का रे बाळा?" असं विचारलं नाही. आता विचारते. मुलं जास्त भरू नयेत, हे काम आरटीओ आणि शाळांचं. पण ती गाडी रोज सकाळी तुमच्याकडेच पेट्रोलला येते. तुमच्या माणसाने तिच्या चाकांना गेज लावला तर तुम्हाला कुणी नको म्हणणार नाही.

काही जण मला म्हणाले, आता नव्या गाड्यांत हवा कमी झाली की दिवा लावणारे सेन्सर येतात, तुम्ही उगाच मागे लागलात. सेन्सर चांगलेच आहेत. अमेरिकेत सप्टेंबर २००७ पासून प्रत्येक नव्या मोटारीत ते सक्तीचे आहेत. पण तिथल्या कायद्यानुसार हवा ठरल्या आकड्याच्या २५ टक्के खाली गेल्यावर दिवा लागला तरी चालतो. म्हणजे ३३ ची २५ होईपर्यंत तो गप्प बसू शकतो. आपल्याकडे १ ऑक्टोबर २०२० पासून ट्यूबलेस टायर, सेन्सर आणि दुरुस्तीचं किट असलेल्या गाडीला स्टेपनी न देण्याची मुभा आहे. अशा गाडीत बसलेल्या माणसाला पंपावरची हवा जास्तच खरी मिळायला हवी, कारण बदलायला दुसरं चाक त्याच्याकडे नाही. आणि आपल्या शहरात धावणाऱ्या बहुतेक जुन्या गाड्यांना, स्कूटरना, दुधाच्या टेम्पोंना ना दिवा आहे ना सेन्सर. त्यांना तुमची नळी हाच एक आधार.

यमुना एक्स्प्रेसवे ऑगस्ट २०१२ मध्ये सुरू झाला. आग्र्यापासून ग्रेटर नोएडापर्यंत १६५ किलोमीटर, सिमेंटचा, सरळसोट. मोटारीला ताशी १०० ची मर्यादा. थांबे कमी, वळणं कमी, त्यामुळे टायरला उसंत नाही. ग्वाल्हेरहून दिल्लीकडे निघालेली गाडी तिथे चढते तेव्हा तिच्यात जी हवा असते ती बहुधा तुमच्यापैकी कुणीतरी भरलेली असते. आमची पोरं सणाला घरी येतात तीही याच रस्त्याने, आणि परत जाताना आई डब्यात चकल्या भरते, बाबा म्हणतात, "हवा बघून घे रे." तो पंपावर जातो. पंप म्हणतो, पस्तीस.

या पत्राची हिंदी प्रत मी येत्या आठवड्यापासून एकेका पंपावर घेऊन येते आहे. सकाळी सहा ते आठमध्ये येईन, गाडी घरापासून थेट, टायर थंड. पर्समध्ये धौलपूरचा गेज आहे. गेल्या महिन्यात तो आणखी दोन चांगल्या गेजशी ताडून पाहिला, बरोबर आहे. आपल्या यंत्राशी ताडून पाहायचा असेल तर मागा, मी थांबेन. हवा भरणाऱ्या मुलांना दाराची पट्टी कशी वाचायची हे दाखवायचं असेल तर तेही दाखवीन. अर्धा तास लागेल, आणि तारेचा तुकडा मी सोबत आणते.

आपली,
लष्करमधील एक निवृत्त शिक्षिका